लोरेन्सो तान्यादा (१८९८–१९९२) : चोवीस वर्षे सिनेटर, आयुष्यभर वकील

फिलिपिन्सच्या सिनेटमध्ये सलग चोवीस वर्षे काम केलेले ज्येष्ठ कायदेपंडित लोरेन्सो तान्यादा यांची ओळख या लेखात आम्ही आमच्या वाचकांना करून देत आहोत. त्यांचा जन्म १० ऑगस्ट १८९८ रोजी झाला आणि २८ मे १९९२ रोजी, वयाच्या ९४ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. आपल्याकडे दादाभाई नौरोजी यांना जसे ‘पितामह’ म्हणतात, तसाच मान फिलिपिन्सच्या राजकारणात तान्यादा यांना मिळाला. सामान्य जनता मात्र त्यांना ‘का तान्नी’ या घरगुती नावाने ओळखत असे. ‘का’ हे तेथे आदराने आणि आपुलकीने नावाआधी लावण्याचे संबोधन आहे.

फिलिपिन्स हा देश आपल्याला अगदीच परका नाही. वसईचे सुपुत्र संत गोन्सालो गार्सिया यांनी मनिला येथेच फ्रान्सिस्कन संघात प्रवेश केला, तेथून ते जपानला गेले आणि ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकी येथे त्यांना हौतात्म्य प्राप्त झाले. आशियातील सर्वांत मोठा कॅथलिक समाज याच देशात आहे. त्यामुळे तेथील एका श्रद्धावान कायदेपंडिताने सत्तेशी कसा व्यवहार केला, हे जाणून घेणे आपल्याही उपयोगाचे ठरेल.

तान्यादा यांच्या दीर्घ जीवनातील घटना अनेक आहेत, पण त्यांच्या मुळाशी एकच आग्रह दिसतो. ज्याच्या हाती सत्ता आहे त्यानेही नियम पाळला पाहिजे, आणि तो नियम सर्वांना दिसेल अशा रीतीने जाहीर झालेला असला पाहिजे. या आग्रहापायी ते अनेकदा एकटे पडले आणि अनेकदा हरले. तरीही त्यांच्या नावाचे दोन खटले आजही त्या देशातील कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला अभ्यासावे लागतात.

जन्म, काळ आणि शिक्षण

तान्यादा यांचा जन्म लुझोन बेटावरील गुमाका या गावी झाला. त्या वेळी हा भाग तायाबास प्रांतात मोडत असे, आज त्या प्रांताचे नाव केसोन असे आहे. १० ऑगस्ट हा संत लॉरेन्स यांच्या सणाचा दिवस. स्पॅनिश भाषेत हेच नाव ‘लोरेन्सो’ असे होते.

ज्या वर्षी ते जन्मले ते वर्ष त्यांच्या देशाच्या इतिहासात निर्णायक ठरले. १२ जून १८९८ रोजी एमिलिओ आगिनाल्दो यांनी स्पेनपासून स्वातंत्र्य जाहीर केले. पण १३ ऑगस्ट रोजी, म्हणजे लोरेन्सो अवघे तीन दिवसांचे असताना, मनिला शहर अमेरिकन सैन्याच्या ताब्यात गेले. डिसेंबर १८९८ मधील पॅरिसच्या तहाने स्पेनने २ कोटी डॉलर घेऊन हा देश अमेरिकेच्या हवाली केला. ४ जुलै १९४६ रोजी फिलिपिन्स स्वतंत्र झाला. अमेरिकन लष्करी तळ मात्र त्यानंतरही राहिले. त्यांपैकी शेवटच्या मोठ्या तळावरून सैन्य निघाले ते २४ नोव्हेंबर १९९२ रोजी, तान्यादा यांच्या मृत्यूनंतर सहा महिन्यांनी. एका परकीय सत्तेचा देशातील सारा मुक्काम त्यांच्या आयुष्याच्या लांबीएवढा होता, असे म्हटले तर ते चुकीचे होणार नाही.

फिलिपिन्स विद्यापीठात कायद्याचे शिक्षण घेतल्यानंतर ते अमेरिकेत गेले आणि हार्वर्ड विद्यापीठातून त्यांनी कायद्याची पदव्युत्तर पदवी मिळविली. पुढील आयुष्यात अमेरिकन धोरणांवर कठोर टीका करणाऱ्या या गृहस्थांचे उच्च शिक्षण अमेरिकेतच झाले होते, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. त्यांचा विरोध लष्करी तळांना आणि असमान करारांना होता. अमेरिकन जनतेविषयी किंवा तेथील कायद्याच्या परंपरेविषयी त्यांच्या मनात आकस नव्हता. संविधान, नागरिकांचे हक्क आणि न्यायालयाचे स्वातंत्र्य या ज्या गोष्टी ते तेथे शिकले, त्यांचाच आधार त्यांनी पुढे घेतला.

सरकारी वकील म्हणून

दुसऱ्या महायुद्धात १९४२ ते १९४५ या काळात जपानने फिलिपिन्सवर कब्जा केला होता. या काळात जपान्यांच्या छत्राखाली एक सरकार स्थापन झाले आणि होसे लाउरेल हे त्याचे राष्ट्राध्यक्ष होते. युद्ध संपल्यावर शत्रूला सहकार्य केल्याच्या आरोपांची चौकशी करण्यासाठी सप्टेंबर १९४५ मध्ये ‘लोकन्यायालय’ नावाचे विशेष न्यायालय स्थापण्यात आले. तान्यादा १९४५ ते १९४७ या काळात सॉलिसिटर जनरल होते आणि या खटल्यांत सरकारची बाजू मांडण्याची जबाबदारी त्यांच्यावर होती.

हे काम फार अवघड होते. पाच हजारांहून अधिक प्रकरणे दाखल झाली. आरोपींमध्ये देशातील नामवंत पुढारी, न्यायाधीश आणि श्रीमंत घराण्यांतील मंडळी होती. त्यांच्यापैकी अनेकांचे म्हणणे असे होते की, आम्ही पदे स्वीकारली ती जनतेचे रक्षण व्हावे म्हणून. १९४८ च्या जानेवारीत राष्ट्राध्यक्ष मानुएल रोहास यांनी राजकीय सहकार्याच्या आरोपींना सार्वत्रिक माफी दिली आणि बहुतेक खटले तेथेच संपले.

या प्रसंगाला पुढे एक वेगळीच जोड मिळाली. आरोपींपैकी एक होते विद्वान कायदेपंडित क्लारो रेक्तो. ते खटल्यातून निर्दोष सुटले. दहा वर्षांनंतर, १९५७ साली, हेच रेक्तो राष्ट्राध्यक्षपदासाठी आणि तान्यादा उपराष्ट्राध्यक्षपदासाठी एकाच पक्षातर्फे उभे राहिले. न्यायालयात ज्यांच्याविरुद्ध उभे राहायचे त्यांच्याशी व्यक्तिगत वैर धरायचे नाही, ही वकिलीतील जुनी शिस्त तान्यादा यांनी राजकारणातही पाळली.

सिनेटमधील चोवीस वर्षे

नोव्हेंबर १९४७ मध्ये तान्यादा लिबरल पक्षातर्फे सिनेटवर निवडून आले. फिलिपिन्सच्या सिनेटची रचना आपल्या राज्यसभेपेक्षा निराळी आहे. तेथे २४ सिनेटर असतात आणि प्रत्येकाची निवड संपूर्ण देशातील मतदार थेट करतात. त्या काळी दर दोन वर्षांनी आठ जागांसाठी निवडणूक होत असे आणि प्रत्येकाची मुदत सहा वर्षांची असे. त्यामुळे एखाद्या प्रांतातील जमीनदारी किंवा घराण्याच्या बळावर सिनेटमध्ये पोहोचणे कठीण होते. उमेदवाराला सारा देश ओळखत असावा लागे.

तान्यादा १९४७, १९५३, १९५९ आणि १९६५ अशा चार वेळा निवडून आले आणि ३० डिसेंबर १९७१ पर्यंत अखंड सिनेटर राहिले. विशेष म्हणजे पहिल्या मुदतीनंतर ते कोणत्याही मोठ्या पक्षात नव्हते. लिबरल पक्षातून बाहेर पडून त्यांनी ‘सिटिझन्स पार्टी’ हा छोटा पक्ष उभा केला. मोठ्या पक्षांशी निवडणुकीपुरते सहकार्य करायचे, पण मत स्वतःच्या विवेकाने द्यायचे, ही त्यांची रीत होती. १९५३ साली त्यांनी रामोन मॅगसेसे यांच्या प्रचारात पुढाकार घेतला. ज्यांच्या नावाचा पुरस्कार १९५८ साली आचार्य विनोबा भावे यांना मिळाला, तेच हे मॅगसेसे. १७ मार्च १९५७ रोजी विमान अपघातात त्यांचा अकाली मृत्यू झाला. त्याच वर्षी रेक्तो आणि तान्यादा यांनी ‘नॅशनलिस्ट सिटिझन्स पार्टी’तर्फे लढविलेल्या निवडणुकीत दोघांचाही मोठा पराभव झाला. तान्यादा यांची सिनेटमधील जागा मात्र कायम राहिली.

येथे एक प्रश्न साहजिकच मनात येतो. ज्या माणसाच्या पाठीशी मोठा पक्ष नाही, सरकार नाही, तो चोवीस वर्षे सभागृहात राहून काय साधतो? याचे उत्तर १९५६ सालच्या एका खटल्यात सापडते.

एकट्या सदस्याचा खटला

१९५५ च्या निवडणुकीनंतर सिनेटमध्ये सत्ताधारी नॅशनलिस्टा पक्षाव्यतिरिक्त एकच सदस्य उरला. तो म्हणजे तान्यादा. इकडे पराभूत लिबरल उमेदवारांनी निवडणुकीच्या निकालाला आव्हान दिले होते. त्यांच्यात पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले दिओस्दादो माकापागाल हेही होते. अशा तक्रारी ‘सिनेट निवडणूक न्यायाधिकरणा’पुढे चालत. संविधानानुसार या न्यायाधिकरणात नऊ सदस्य असावयाचे : सर्वोच्च न्यायालयाचे तीन न्यायाधीश, बहुमतवाल्या पक्षाने सुचविलेले तीन सिनेटर आणि दुसऱ्या क्रमांकाच्या पक्षाने सुचविलेले तीन सिनेटर.

दुसऱ्या क्रमांकाच्या पक्षाकडे तर एकच सिनेटर होता. तान्यादा यांनी फक्त स्वतःचे नाव सुचविले आणि उरलेल्या दोन जागा रिकाम्या ठेवल्या. सत्ताधारी पक्षाला हे मान्य झाले नाही. त्यांनी आपल्याच पक्षातील कुएन्को आणि देल्गादो या दोघा सिनेटरांना त्या दोन जागांवर बसविले. परिणामी नऊपैकी पाच सदस्य सत्ताधारी पक्षाचे झाले. ज्यांच्या निवडणुकीविरुद्ध तक्रार होती, त्यांच्याच पक्षाच्या हाती निकालाचे बहुमत आले.

तान्यादा सर्वोच्च न्यायालयात गेले. सरकारपक्षाचे म्हणणे होते की, हा सिनेटचा अंतर्गत राजकीय प्रश्न आहे, न्यायालयाने त्यात लक्ष घालू नये. २८ फेब्रुवारी १९५७ रोजी न्यायालयाने तान्यादा यांच्या बाजूने निर्णय दिला. एखादी गोष्ट शहाणपणाची आहे की नाही हा राजकीय प्रश्न असू शकतो, पण ती संविधानाने घातलेल्या मर्यादेत आहे की नाही हा कायद्याचा प्रश्न आहे, असे न्यायालयाने स्पष्ट केले. अल्पमतवाल्यांचे प्रतिनिधी अल्पमतवाल्यांनीच सुचवावयाचे आहेत. त्यांनी जागा रिकामी ठेवली म्हणून बहुमतवाल्यांनी ती बळकावायची नाही. त्या दोघांची निवड रद्द ठरली.

‘तान्यादा विरुद्ध कुएन्को’ या नावाने हा खटला प्रसिद्ध आहे. न्यायनिवाडा करणाऱ्या मंडळात तोल राखायचा असेल, तर कधीकधी खुर्ची रिकामी ठेवणेही आवश्यक असते, हे एकट्या सदस्याने या खटल्यातून सिद्ध केले.

राष्ट्रवादी भूमिका

स्वातंत्र्यानंतरही फिलिपिन्सवर दोन मोठी बंधने होती. १९४७ साली संविधानात दुरुस्ती करून अमेरिकन नागरिकांना देशाच्या नैसर्गिक संपत्तीवर फिलिपिनी नागरिकांच्या बरोबरीने हक्क देण्यात आले. त्याच वर्षी १४ मार्च रोजी झालेल्या कराराने अमेरिकेला ९९ वर्षांसाठी लष्करी तळ मिळाले. ही मुदत १९६६ साली कमी करण्यात आली आणि करार १९९१ पर्यंतच राहील असे ठरले.

तान्यादा यांनी या दोन्ही गोष्टींचा सिनेटमध्ये सातत्याने विरोध केला. व्हिएतनामच्या युद्धात फिलिपिनी तुकडी पाठविण्यासही त्यांचा विरोध होता. १९६७ साली स्थापन झालेल्या ‘मूव्हमेंट फॉर द अ‍ॅडव्हान्समेंट ऑफ नॅशनॅलिझम’ या संघटनेचे ते अध्यक्ष झाले. या संघटनेत डाव्या विचारांची तरुण मंडळीही होती. त्यामुळे तान्यादा कम्युनिस्टांना जवळ करतात, अशी टीका त्यांच्यावर झाली. कोणाबरोबर चालायचे याविषयीचे त्यांचे सर्वच निर्णय सर्वांना पटले नाहीत, हे येथे नमूद केले पाहिजे.

मार्शल लॉ आणि पुन्हा वकिली

१९७१ अखेर सिनेटमधून बाहेर पडले तेव्हा तान्यादा ७३ वर्षांचे होते. एवढ्या दीर्घ सेवेनंतर विश्रांती घेण्याचा त्यांना पूर्ण अधिकार होता. परंतु त्यांच्या आयुष्यातील सर्वांत कष्टाचा काळ यानंतरच सुरू झाला.

राष्ट्राध्यक्ष फर्डिनंड मार्कोस यांनी देशात मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा, पुकारला. त्या घोषणेवर २१ सप्टेंबर १९७२ ही तारीख आहे. जनतेला ती सांगण्यात आली २३ सप्टेंबरच्या संध्याकाळी. मधल्या वेळेत, २३ तारखेच्या पहाटेपूर्वीच, सिनेटर बेनिग्नो अक्विनो आणि सिनेटर होसे दिओक्नो यांना अटक झाली होती. वृत्तपत्रे बंद झाली आणि पुढे सिनेटही संपुष्टात आली. आपल्या देशातील १९७५ च्या आणीबाणीचे दिवस ज्या वाचकांना आठवत असतील, त्यांना या परिस्थितीची कल्पना सहज येईल.

तान्यादा यांनी पुन्हा वकिलीचा कोट चढविला. कैदेतील व्यक्तीला न्यायालयापुढे हजर करा, अशी मागणी करणारे अर्ज ते लढले. १९७३ चे नवे संविधान ज्या पद्धतीने मंजूर झाले असे दाखविण्यात आले, त्या पद्धतीला आव्हान देणाऱ्या खटल्यांतही ते वकील होते. मतपेटीऐवजी सभांमध्ये हात वर करून घेतलेल्या संमतीवर ते संविधान लागू करण्यात आले होते. न्यायालयाने अखेर, नवे संविधान अमलात असल्याचे मानण्यास आता न्यायालयीन अडथळा नाही, असा निर्णय दिला. तान्यादा आणि त्यांचे सहकारी हरले.

दिओक्नो जवळजवळ दोन वर्षे आरोपपत्राविना कैदेत राहून सप्टेंबर १९७४ मध्ये सुटले. त्याच वर्षी दिओक्नो, तान्यादा आणि होकर आरोयो यांच्या पुढाकाराने ‘फ्री लीगल असिस्टन्स ग्रुप’ ही वकिलांची संस्था उभी राहिली. राजकीय कैदी, विस्थापित शेतकरी, कामगार आणि आदिवासी यांचे खटले ही संस्था विनामूल्य चालवीत असे.

अक्विनो यांच्या बचावाचे नेतृत्वही तान्यादा यांनीच केले. खटला लष्करी आयोगापुढे होता. सामान्य नागरिकाचा न्याय लष्करी अधिकाऱ्यांनी करावा आणि त्या अधिकाऱ्यांचा वरिष्ठ तक्रारदारच असावा, हे मान्य नसल्यामुळे अक्विनो यांनी खटल्यात भाग घेण्यास नकार दिला. २५ नोव्हेंबर १९७७ रोजी त्यांना देहदंडाची शिक्षा सुनावण्यात आली, पण तिची अंमलबजावणी झाली नाही. एप्रिल १९७८ मधील अंतरिम विधिमंडळाच्या निवडणुकीत अक्विनो तुरुंगातूनच ‘लाबान’ पक्षातर्फे उभे राहिले. महानगर मनिलातील सर्व २१ जागा सरकारी पक्षाला मिळाल्याचे जाहीर झाले. मतमोजणीतील गैरप्रकारांचा निषेध करण्यासाठी दोन दिवसांनी जो मोर्चा निघाला, त्यात तान्यादा यांना अटक झाली. त्यावेळी त्यांचे वय ७९ होते.

२१ ऑगस्ट १९८३ रोजी अमेरिकेतून परतलेल्या अक्विनो यांची मनिलाच्या विमानतळावर गोळी घालून हत्या करण्यात आली. त्यानंतर विखुरलेल्या विरोधकांना एकत्र आणण्यासाठी १९८४ साली जो छोटा गट नेमण्यात आला, त्यात दिवंगत नेत्याच्या पत्नी कोराझोन अक्विनो आणि उद्योगपती हायमे ओंग्पिन यांच्याबरोबर तिसरे नाव तान्यादा यांचे होते.

न छापलेल्या कायद्यांचा खटला

मार्शल लॉच्या काळात मार्कोस स्वतःच कायदे करीत. अध्यक्षीय हुकूम, सूचनापत्रे, सर्वसाधारण आदेश अशा निरनिराळ्या नावांनी ते काढले जात. त्यांपैकी अनेक सरकारी राजपत्रात कधी छापलेच गेले नाहीत. असे कायदे अस्तित्वात आहेत हे नागरिकाला ठाऊक नसे, पण ते मोडल्याची शिक्षा मात्र त्याला होऊ शकत होती.

तान्यादा आणि त्यांच्या सहकारी वकिलांनी, सर्व न छापलेले हुकूम प्रसिद्ध करण्याचा आदेश सरकारला द्यावा, असा अर्ज सर्वोच्च न्यायालयात केला. राष्ट्राध्यक्षांचे कार्यकारी साहाय्यक हुआन तुवेरा हे पहिले प्रतिवादी होते, म्हणून हा खटला ‘तान्यादा विरुद्ध तुवेरा’ या नावाने ओळखला जातो. सरकारने दोन हरकती घेतल्या. पहिली अशी की, अर्जदारांचे यात वैयक्तिक नुकसान काय? न्यायालयाने उत्तर दिले की, सार्वजनिक हक्काच्या बाबतीत प्रत्येक नागरिकाला दाद मागता येते. दुसरी हरकत अधिक बारीक होती. राजपत्रात छापून झाल्यावर पंधरा दिवसांनी कायदा लागू होतो, ‘अन्यथा तरतूद नसेल तर’, असे तेथील नागरी संहितेत म्हटले होते. ज्या हुकुमात तो ताबडतोब लागू होईल असे लिहिले आहे, तो छापण्याची गरज नाही, असा सरकारचा युक्तिवाद होता.

२४ एप्रिल १९८५ रोजी, मार्कोस सत्तेवर असतानाच, न्यायालयाने सर्वांना लागू होणारे सर्व न छापलेले हुकूम प्रसिद्ध करण्याचा आदेश दिला आणि प्रसिद्धीवाचून ते बंधनकारक नाहीत असे ठरविले. २९ डिसेंबर १९८६ च्या पुढील निर्णयात मुद्दा पूर्ण स्पष्ट झाला. ‘अन्यथा तरतूद’ करता येते ती पंधरा दिवसांच्या मुदतीविषयी. प्रसिद्धी टाळण्याची तरतूद कोणालाही करता येत नाही. कायदा पूर्णपणे छापला गेला पाहिजे, नुसते नाव आणि क्रमांक छापून भागणार नाही.

ख्रिस्तसभेच्या विचारपरंपरेत हे तत्त्व नवीन नाही. संत थॉमस अक्वायनस यांनी कायद्याचे जे आवश्यक घटक सांगितले, त्यांत तो विवेकाला धरून असावा, सर्वांच्या हिताचा असावा आणि समाजाची जबाबदारी असणाऱ्याने केलेला असावा, याबरोबरच तो जाहीर केलेला असावा, हेही सांगितले आहे. ख्रिस्तसभेच्या धर्मविधिसंहितेनुसारही जाहीर झाल्यावरच कायदा अस्तित्वात येतो. आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही १९५१ साली ‘हरला विरुद्ध राजस्थान राज्य’ या खटल्यात हेच ठरविले होते. जयपूर संस्थानाने केलेला पण कधीच प्रसिद्ध न केलेला अफूविषयक कायदा न्यायालयाने बंधनकारक मानला नाही. तो निर्णय लिहिणारे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस त्यापूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते.

बातानची अणुभट्टी

बातान प्रांतातील मोरोंग येथे मार्कोस सरकारने अणुवीज केंद्र बांधले. त्यावर सुमारे २ अब्ज डॉलर खर्च झाले. केंद्राच्या सुरक्षिततेविषयी रहिवाशांना भीती वाटत होती आणि तान्यादा यांनी या आंदोलनाला साथ दिली. परवाना देणाऱ्या अणुऊर्जा आयोगाने केंद्र सुरक्षित असल्याची प्रचारपुस्तिका आधीच काढली होती. ज्यांनी मत आधीच बनविले आहे त्यांनी सुरक्षिततेचा निवाडा कसा करावा, हा तान्यादा यांचा न्यायालयातील मुद्दा फेब्रुवारी १९८६ मध्ये मान्य झाला.

त्याच महिन्याच्या अखेरीस मनिलाच्या एड्सा मार्गावर लाखो नागरिक जमले. कार्डिनल हायमे सिन यांच्या आवाहनावरून धर्मगुरू, धर्मभगिनी आणि प्रापंचिक रणगाड्यांपुढे उभे राहिले. मार्कोस देश सोडून गेले आणि कोराझोन अक्विनो राष्ट्राध्यक्ष झाल्या. एप्रिल १९८६ मध्ये चेर्नोबिलची दुर्घटना घडली. नव्या सरकारने बातानचे केंद्र सुरू न करण्याचा निर्णय घेतला. त्यातून विजेचा एक युनिटही कधी निर्माण झाला नाही. त्याचे कर्ज मात्र २००७ पर्यंत फेडावे लागले.

१६ सप्टेंबर १९९१

१९८७ च्या संविधानाने सिनेट पुन्हा अस्तित्वात आणली. १९९१ नंतर परकीय लष्करी तळ ठेवायचे असतील तर सिनेटच्या संमतीने केलेला तह आवश्यक राहील, अशी तरतूदही त्यात होती. त्याप्रमाणे सुबिक येथील नाविक तळाची मुदत दहा वर्षे वाढविणारा तह सिनेटपुढे आला. मोबदला होता वर्षाला २० कोटी ३० लाख डॉलर. जून १९९१ मध्ये पिनातुबो ज्वालामुखीचा उद्रेक होऊन देशाची मोठी हानी झाली होती आणि तळांवर हजारो कुटुंबांची रोजीरोटी अवलंबून होती. राष्ट्राध्यक्ष कोराझोन अक्विनो तहाच्या बाजूने होत्या. तान्यादा यांच्यासाठी हा प्रसंग सोपा नव्हता. ज्यांच्या पतीचा बचाव त्यांनी वर्षानुवर्षे केला होता, त्यांच्याच भूमिकेला ते विरोध करीत होते.

तहाला २४ पैकी १६ मते हवी होती. १६ सप्टेंबर रोजी मतदान झाले. बाजूने ११ आणि विरोधात १२ मते पडली. विरोधात मत देणाऱ्यांत तान्यादा यांचे पुत्र सिनेटर विग्बेर्तो तान्यादा होते. ९३ वर्षांचे लोरेन्सो तान्यादा चाकाच्या खुर्चीवरून सभागृहात आले होते. निकाल कळताच ते त्या खुर्चीवरून उठून उभे राहिले. त्यानंतर आठ महिन्यांनी त्यांचे देहावसान झाले.

त्यांच्या कार्याचा ठेवा

तान्यादा यांचे सर्व हेतू साध्य झाले असे म्हणता येत नाही. १९९८ च्या आणि २०१४ च्या करारांनी अमेरिकन सैन्याला पुन्हा प्रवेश मिळाला आणि २०२३ साली त्यांच्यासाठी खुल्या असलेल्या फिलिपिनी ठिकाणांची संख्या नऊ झाली. २०२२ साली मार्कोस यांचे पुत्र राष्ट्राध्यक्षपदी निवडून आले. सुबिक बंद झाल्यावर ज्यांचा रोजगार गेला, त्यांच्या अडचणीही खऱ्या होत्या. दुसरीकडे, १९८७ च्या संविधानाने सिनेटरला सलग दोनपेक्षा अधिक मुदती नाकारल्या आहेत. त्यामुळे तान्यादा यांच्यासारखी सलग चोवीस वर्षे आता कोणालाही पूर्ण करता येणार नाहीत.

राजकारणातील त्यांची मते आज कोणी मान्य करील, कोणी करणार नाही. पण त्यांच्या दोन खटल्यांतील तत्त्वे पक्षभेदापलीकडची आहेत. अल्पमतवाल्याची खुर्ची बहुमतवाल्याने घेऊ नये, आणि जो नियम लोकांना सांगितला नाही तो त्यांच्यावर लादू नये. हे राष्ट्राच्या कारभाराला लागू आहे, तसेच आपल्या ग्रामसभेला, पतपेढीला, सहकारी सोसायटीला आणि धर्मग्रामाच्या समित्यांनाही लागू आहे. ज्या सूचना फलकावर लागत नाहीत आणि जे ठराव इतिवृत्तात वाचून दाखविले जात नाहीत, त्यांच्याविषयी प्रश्न विचारणारा सदस्य अनेकदा एकटाच असतो आणि इतरांना तो त्रासदायक वाटतो. अशा सदस्याचे म्हणणे आपण निदान पूर्ण ऐकून घ्यावे, एवढे या वयोवृद्ध वकिलाच्या चरित्रातून आपणास निश्चित घेता येईल.